तुम्ही विचारलंत म्हणून: सलाइन लावून वजन वाढेल का?

मुलगी महिनोन्‌महिने नीट जेवत नाही, वजन उतरत चाललंय, डॉक्टरांनी ॲनोरेक्सिया नर्व्होसा, म्हणजे वजन वाढायच्या भीतीने खाणं तोडण्याचा मानसिक आजार, असं सांगितलंय. मग आईवडील विचारतात, 'बांबोळीला गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजच्या इस्पितळात) नेऊन चार दिवस सलाइन लावलं तर अंग धरेल ना?' हा प्रश्न इतक्यांदा येतो की एकदाच सविस्तर लिहिलेलं बरं.

नाही धरणार. साधं सलाइन म्हणजे मिठाचं पाणी, त्यात उष्मांक शून्य. पाच टक्के डेक्स्ट्रोजच्या अर्ध्या लिटरच्या बाटलीत २५ ग्रॅम साखर असते, म्हणजे जेमतेम एका चपातीएवढी ताकद. त्यातून, फार दिवस उपाशी राहिलेल्या शरीरात ही साखर घाईने सोडणं धोक्याचं आहे.

उपाशी शरीर स्वतःची चरबी आणि स्नायू जाळून दिवस काढतं. पेशींमधला फॉस्फेट, पोटॅशियम, मॅग्नेशियमचा साठा संपत येतो, पण रक्ताचा रिपोर्ट बऱ्याचदा चांगलाच येतो आणि घरचे निर्धास्त होतात. मग एकदम अन्न किंवा साखर मिळाली की इन्सुलिन उसळतं आणि रक्तात उरलेले हे क्षार पेशींत खेचून नेतं. रक्तातलं फॉस्फेट कोसळलं की हृदयाची लय बिघडते, श्वासाचे स्नायू थकतात, झटकेही येऊ शकतात. याला रीफीडिंग सिंड्रोम म्हणतात. दुसऱ्या महायुद्धानंतर सुटलेल्या उपाशी युद्धकैद्यांना पोटभर जेवण मिळाल्यावर हा प्रकार डॉक्टरांच्या ध्यानात आला. धोका सगळ्यात जास्त पहिल्या पाच-सात दिवसांत असतो.

म्हणून दाखल केल्यावर आधी ईसीजी काढतात, आडवं आणि उभं करून नाडी-रक्तदाब बघतात, तापमान आणि साखर तपासतात. इथे एक गोष्ट आवर्जून विचारा. आपल्याकडे 'इलेक्ट्रोलाइट्स' लिहून दिलं की सहसा सोडियम, पोटॅशियम, क्लोराइड एवढंच होतं. फॉस्फेट आणि मॅग्नेशियम वेगळं लिहावं लागतं, आणि सुरुवातीला ते रोजच्या रोज तपासावं लागतं. पहिल्या घासाआधी थायामिन, म्हणजे बी-१, दिलं जातं, कारण साखर जाळायला ते लागतं आणि त्याचाही साठा आटलेला असतो.

किती अन्नाने सुरुवात करायची यावर मतं बदलत गेली. पूर्वी फारच थोडं द्यायचे, आणि मुलांचं वजन इस्पितळात असतानाच आणखी उतरायचं. आता रोज रक्त तपासायची सोय असेल तर किशोरवयीन मुलांना बऱ्याच ठिकाणी १४०० ते २००० उष्मांकांवर सुरू करतात आणि दर एक-दोन दिवसांनी दोनशेच्या आसपास वाढवतात. फारच खंगलेल्यांना त्याहून कमी. पुढे ३००० देऊनही वजन अडतं तेव्हा घरचे चक्रावतात. शरीर तापू लागतं, रात्री घाम येतो, मिळालेलं बरंचसं त्यात जातं. आठवड्याला अर्धा ते एक किलो वाढ ही इस्पितळातली चांगली गती. पहिल्या आठवड्यात एकदम वाढलेलं वजन बहुतेक पाण्याचं असतं. पाय सुजले म्हणून लघवीची गोळी आपल्या मनाने देऊ नका.

आता पेज. आजारी माणसाला उकड्या तांदळाची पेज आणि शहाळं, हे आपल्या हाडात भिनलेलं आहे. तापात ठीक, इथे नाही. वाटीभर पेजेत बहुतेक पाणीच असतं. उपासमारीत जठर हळू रिकामं होतं, त्यामुळे चार घासांत पोट गच्च वाटतं. ते नाटक नसतं, खरंच तसं वाटतं, आणि नेमाने खात राहिलं की काही आठवड्यांत कमी होतं. असल्या पोटातली जागा पाण्याला देऊन कसं चालेल? त्याच वाटीत भात, त्यावर नारळाच्या रसातलं बांगड्याचं हुमण, मधल्या वेळी मनगणं (चणाडाळ, गूळ आणि नारळाच्या रसाची खीर) किंवा मूठभर काजू. दूध तर हवंच, त्यात फॉस्फेट भरपूर असतं. तीन जेवणं, तीन मधली खाणी, प्रत्येक वेळी कुणीतरी सोबत बसलेलं, आणि नंतर तासभर विश्रांती. ताटातलं राहिलं तर तेवढ्याच उष्मांकांचं पेय. तेही जमलं नाही तर नाकातून नळी. नळी ही शिक्षा नव्हे. तशी धमकी म्हणून ती वापरणाऱ्यांचा मला राग येतो.

दाखल कधी करायचं? किशोरवयात जागेपणी नाडी पन्नासच्या खाली, उभं राहताच भोवळ, अंग गार पडणं, पोटॅशियम उतरणं, पाणीसुद्धा नाकारणं, यातलं एक जरी दिसलं तरी त्याच दिवशी. मुलगी बारीक दिसत नसली तरी, वजन झपाट्याने उतरलं असेल तर धोका तोच. आधी मेडिसिनचा किंवा मुलांचा वॉर्ड. मानसोपचार सोबत चालतो, पण पहिल्या आठवड्यात लांबलचक समुपदेशनातून फारसं हाती लागत नाही. अमेरिकेत मिनेसोटा विद्यापीठात १९४४-४५ साली ३६ धडधाकट तरुणांना अर्धपोटी ठेवलं, तर तेही दिवसरात्र अन्नाचाच विचार करू लागले, चिडचिडे आणि एकलकोंडे झाले. मेंदूलाही आधी अन्नच लागतं. नैराश्याच्या गोळ्याही या अवस्थेत फारशा लागू पडत नाहीत.

खरी कसोटी घरी आल्यावर. घरी काय आणि किती खायचं हे सुरुवातीला आईवडिलांनीच ठरवायचं, मुलीशी वाटाघाटी नकोत; किशोरवयीनांसाठी लंडनच्या मॉड्स्ली इस्पितळात घडलेली कुटुंबाधारित उपचारपद्धती हेच सांगते. आठवड्यातून एकदा, एकाच काट्यावर वजन. श्रावणातले सोमवार, संकष्टी, सगळे उपास बंद. पाळी परतायला वजन सावरल्यावरही काही महिने लागू शकतात. गर्भनिरोधक गोळ्यांनी आणलेला रक्तस्राव म्हणजे बरं झाल्याची खूण नाही, आणि त्या गोळ्यांनी हाडंही वाचत नाहीत.

आणि चतुर्थीला घर पाहुण्यांनी भरायच्या आधी सगळ्यांना फोन करून ठेवा. 'आता कशी छान भरलीस!' असं मावशी कौतुकानेच म्हणते, मुलीला त्यात 'जाडी झालीस' एवढंच ऐकू येतं, आणि नेवऱ्यांचं ताट तसंच राहतं. तिच्या अंगकाठीबद्दल काहीच बोलू नका, चांगलंसुद्धा. अभ्यासाचं विचारा, माटोळीचं, म्हणजे गणपतीवर बांधायच्या फळाफुलांच्या चौकटीचं, विचारा.