कादंबरीतली चिठ्ठी : आमच्या दुकानाची वाटचाल

आमच्याकडून कादंबरी नेलीत तर मुखपृष्ठ उघडल्या उघडल्या एक चिठ्ठी मिळते. पोस्टकार्डाच्या अर्ध्या आकाराची, हाताने लिहिलेली. पुस्तकात कोण मरतं, कोण घर सोडून जातं, कुठल्या भावांचं फाटतं, ते तिच्यावर तीन-चार ओळींत असतं. बाहेरगावची माणसं विचारतात, वैनी, हे आधीच सांगितल्यावर पुस्तक घेणार कोण? घेतात. गेली बारा-तेरा वर्षं दुकानाचा निम्मा भार या चिठ्ठ्यांनी उचललाय.

कुडाळच्या बाजारपेठेतलं हे दुकान आबांनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, 1986 साली टाकलं. वह्या, पाट्या, कंपासपेट्या, गणपतीच्या आधी आरतीसंग्रह, मार्गशीर्षात महालक्ष्मी व्रताच्या पोथ्या, दिवाळी सरली की कालनिर्णय. पुस्तकं म्हणजे शाळेची. मी 1999 मध्ये लग्न होऊन आले. त्याच्या आदल्या वर्षी कोकण रेल्वे सगळ्या मार्गावर धावायला लागली होती आणि आबांच्या तोंडी एकच विषय असायचा, की आता पोरं परत येतील का आणखीच जातील. त्यांच्या स्वतःच्या दोन भावांचे संसार मुंबईत, गिरणीवर उभे राहिलेले. 1982च्या संपानंतर धाकटे काका बिऱ्हाड आवरून गावी आले ते ओटीवर बसूनच राहिले. दुकान निघालं ते त्यांना काही काम असावं म्हणून. हे मला आबांनी सांगितलं नाही, काका गेल्यावर सासूबाईंनी सांगितलं.

माझं माहेर वेंगुर्ल्याचं. आमच्या तालुक्याने मराठीला जयवंत दळवी दिले, खानोलकर दिले, आणि नगर वाचनालयात जायला मला घरातून कधी कोणी अडवलं नाही. त्यामुळे कुडाळात आल्यावर दुकानात बसायचं आणि समोर फक्त गाईडं, हे मला फार दिवस सोसलं नाही. तरी कादंबऱ्यांचा पहिला घोडा, म्हणजे फळ्यांची मांडणी, लागायला 2009 उजाडलं. बावीस पुस्तकं मागवली. आबा म्हणाले, “विकली नाय तर तुच वाच.” त्यांनी ते मनापासून म्हटलं होतं.

विकली नाहीत. ऐतिहासिक कादंबऱ्या जात होत्या, चरित्रं जात होती, ‘यशस्वी कसे व्हावे’ छापाची पुस्तकं तर हातोहात. पडून राहायच्या त्या आजच्या, घरादाराच्या कादंबऱ्या. बाप-मुलाचं न बोलणं, लग्नानंतर आपलं नाव हरवून बसलेली बाई, आईचं आजारपण. दोष पुस्तकांचा नव्हता. मलपृष्ठावर ‘मानवी नातेसंबंधांचा तरल वेध’ असं काहीतरी छापलेलं असायचं. त्यावरून कोणाला काय कळणार? आणि मला विचारलं तर मीही घाबरून सांगायची, “छान आहे हो, वाचायला हलकं आहे.” हलकं नव्हतं. मी खोटं सांगत होते.

धंद्याची अडचण वेगळीच. पुण्या-मुंबईचे वितरक रोखीने माल घेतला तर सवलत बरी देतात, परतीच्या बोलीवर घेतला तर हात आखडता. आणि कोकणातल्या पावसात चार महिने पडून राहिलेलं पुस्तक परत पाठवण्याच्या लायकीचं राहतच नाही. जूनच्या पहिल्या पंधरवड्यात लॅमिनेशन केलेली मुखपृष्ठं वाळक्या पानासारखी वळतात. मग कापडी कण्यावर पांढरी बुरशी येते, ती पुसली की हिरवी येते. आम्ही काचेचं कपाट केलं, तळाच्या फळीखाली चाळीसचा बल्ब लावला, तो दसऱ्यापर्यंत चोवीस तास जळतो. जुने पिवळे बल्ब आता मिळायला मुश्कील, एलईडीला ऊब नसते. कोपऱ्यात कापूर आणि कडूलिंबाचा पाला. पुस्तकं घट्ट लावायची नाहीत, दोन पुस्तकांत बोट जाईल एवढी फट ठेवायची. दर रविवारी एकेक पुस्तक उघडून पानं फरफर सोडायची, म्हणजे आतली हवा बदलते. हे काम अजूनही मीच करते. या निमित्ताने प्रत्येक कादंबरीतलं कुठलं ना कुठलं पान दर आठवड्याला डोळ्यांखालून जातं.

2012च्या पावसाळ्यात पलीकडच्या वाडीतल्या एक काकी आल्या. यजमान जाऊन दोन महिने झाले होते. “काय तरी वाचूक दी गो,” म्हणाल्या. मी विचार करकरून विनोदी पुस्तक दिलं. चार दिवसांनी ते गल्ल्यावर ठेवलं. “माका हसाक येणा नाय. माझ्यासारख्या बायलमाणसाचा कायच नाय तुझ्याकडे?”

होतं. नवऱ्यामागे एकट्या राहिलेल्या बाईचीच कादंबरी वरच्या फळीवर होती, आणि त्या दुकानात शिरताना बघून मीच ती इतर पुस्तकांमागे सरकवली होती. तीच काढून दिली. आठवड्याने परत आल्या. पुस्तक आणलं नव्हतं, पैसे आणले होते. “ह्या आदी कित्याक दिलंस नाय?” एवढंच म्हणाल्या. बाकड्यावर बसल्या, पाणी प्यायल्या आणि यजमानांच्या शेवटच्या पंधरा दिवसांबद्दल बोलत राहिल्या. मध्ये दोन गिऱ्हाइकं वह्या मागून गेली, तरी त्यांचं बोलणं थांबलं नाही.

त्या रात्री मी कॅलेंडरच्या जुन्या पानामागे पहिल्या चिठ्ठ्या लिहिल्या. बाजाराच्या दिवशी गर्दीत एकेकाला सांगत बसता येत नाही, म्हणून. प्रत्येक पुस्तकातलं दुःख काय आहे ते सरळ लिहायचं, एवढंच ठरवलं. सुरुवातीला चुका झाल्या. एका शिक्षकांनी चांगलंच झापलं, कारण चिठ्ठीवर मी गोष्टीतली गाठच उघडून ठेवली होती. त्यांचं बरोबर होतं. तेव्हापासून आमच्याकडे नियम आहे, दुःख सांगायचं, गुपित सांगायचं नाही. बाप वारतो हे लिहायचं, त्याच्या ट्रंकेत काय सापडतं ते लिहायचं नाही.

चिठ्ठ्या आल्यावर कोण काय नेतं ते बदललं. इथे घरं बंद असतात. वर्षातले अकरा महिने कुलूप, गणपतीत आणि मे महिन्यात उघडतात. सातबाऱ्यावर तीस-तीस नावं, त्यातली निम्मी माणसं हयात नाहीत, उरलेली एकमेकांशी बोलत नाहीत. कौलं कोणी बदलायची यावरून भाऊ तुटलेले आम्ही बघतो. अशा घरात चार दिवस राहायला आलेल्या माणसाला ‘घर, वाटणी, थोरला भाऊ’ असं लिहिलेली चिठ्ठी दिसली की तो पुस्तक खाली ठेवत नाही. आमचा वर्षाचा मोठा धंदा चतुर्थीच्या आधीच्या आठवड्यात आणि गौरी-गणपती विसर्जनानंतर परतीच्या गाड्या सुटतात त्या दोन दिवसांत होतो.

श्री. ना. पेंडसे यांची ‘तुंबाडचे खोत’ 1987ची, म्हणजे आजच्या कादंबऱ्यांच्या रांगेत ती बसत नाही, पण आमच्याकडे तिच्याशिवाय भागत नाही. जगबुडीच्या काठावरच्या एका घराण्याच्या चार पिढ्या, दोन जाडजूड भाग. एका घरातल्या दोन चुलतभावांनी मिळून एकच संच घेतला. पहिला भाग एकाने डोंबिवलीला नेला, दुसरा दुसऱ्याने पुण्याला. दुसऱ्या भागवाला वर्षभर तसाच थांबला, पुढच्या चतुर्थीला अदलाबदल झाली. ती अदलाबदल आमच्या दुकानातच झाली, कारण घरात अजून दोन चुली होत्या.

सचिन कुंडलकरांची ‘कोबाल्ट ब्लू’ आम्ही उशिरा ठेवली. पुस्तक 2006चं. चिठ्ठीवर काय लिहावं यावर मी आणि माझा नवरा दोन दिवस बोललो. शेवटी लिहिलं : “भाऊ आणि बहीण एकाच माणसाच्या प्रेमात पडतात. तो न सांगता निघून जातो. आधी भाऊ बोलतो, मग बहीण.” कॉलेजातला एक मुलगा तीन शनिवार येऊन ती उभ्याने वाचत होता. मी पंख्याखालचं स्टूल त्याच्याकडे सरकवलं, तो बसला नाही. चौथ्या शनिवारी आला नाही. महिन्याभराने त्याची आई आली, तीच प्रत उचलली, चिठ्ठी वाचली आणि किती झाले म्हणून विचारलं. मी काही बोलले नाही, त्याही बोलल्या नाहीत. चिठ्ठी मात्र त्यांनी पर्समध्ये वेगळी ठेवली, पुस्तकात परत घातली नाही.

जेरी पिंटो यांच्या इंग्रजी कादंबरीचा शांता गोखले यांनी केलेला अनुवाद, ‘एम आणि हूमराव’, हा माझ्या हातून सर्वांत जास्त वेळा दिला गेलेला अनुवाद असेल. माहीमच्या लहान फ्लॅटमधलं गोव्याकडचं ख्रिस्ती कुटुंब, आईचा मानसिक आजार, तिला सांभाळणारा बाप, बघत बघत मोठी होणारी मुलं. चिठ्ठीवर लिहिलंय, “आई आजारी आहे, आणि ती हसवतेही.” आपल्याकडे असलं आजारपण अजूनही ‘बाहेरचं’ म्हणून देवस्कीवर, म्हणजे देव-भुताच्या उपायांवर, ढकललं जातं. पुस्तक नेणारी माणसं बहुतेक दुपारी दीडनंतर येतात, बाजार सामसूम झाल्यावर.

2020 मध्ये दुकान बंद, चाकरमानी शाळांतून अलगीकरणात. फोनवर चिठ्ठ्या वाचून दाखवायचो आणि पुस्तकं दुधाच्या टेम्पोतून जायची. पुढच्या वर्षी 16 मेला तौक्ते चक्रीवादळ आलं. रविवार होता. सकाळपासून वारा नुसता ओरडत होता, मग दुकानाच्या मागच्या अंगाची कौलं उडाली आणि काचेच्या कपाटावर पाणी धबधबा कोसळलं. आठ-दहा दिवस वीज नाही, म्हणजे बल्बही नाही. आम्ही पुस्तकं घरी आणली, पडवीत सुंभ बांधला आणि वाळत घातली, मधून उघडून, कणा वर. जाड पुस्तकांत दर दहा पानांआड वर्तमानपत्राचा तुकडा, तो तासातासाने बदलायचा. लेक तेव्हा बारावीत होती, तिने आणि आबांनी मिळून हे काम केलं. आबा त्या वेळी चौऱ्याऐंशी वर्षांचे. विमा होता, पण पाहणीला आलेल्या माणसाने ‘जुना, न खपलेला साठा’ असा शेरा मारला आणि हातात फार थोडं पडलं. लाटा आलेल्या पानांची ती पुस्तकं आम्ही रद्दीत घातली नाहीत. बाकड्यावर ठेवली, बसून वाचायला. त्यांच्यातही चिठ्ठ्या आहेत.

2022 आमच्यासाठी धावपळीचं गेलं. गीतांजली श्री यांच्या ‘रेत समाधि’च्या इंग्रजी अनुवादाला आंतरराष्ट्रीय बुकर मिळालं, तेव्हा आम्ही हिंदीतल्या प्रती मागवल्या, आणि पहिली प्रत त्याच काकींनी नेली. चिठ्ठी अशी होती : “ऐंशी वर्षांची बाई, नवरा गेल्यावर भिंतीकडे तोंड करून पडून राहते. मग उठते.” काकींचं हिंदी रेडिओपुरतंच. तीन महिने लागले, पण पूर्ण केली. त्याच डिसेंबरात इथून वीसेक किलोमीटरवरच्या सावंतवाडीच्या प्रवीण बांदेकरांना ‘उजव्या सोंडेच्या बाहुल्या’साठी साहित्य अकादमी जाहीर झालं. दुसऱ्या दिवशी नऊ वाजता दुकान उघडलं तर बाहेर सहा माणसं उभी. आमच्याकडे दोन प्रती होत्या. आपल्या मातीतल्या कादंबरीसाठी दुकानाबाहेर रांग लागलेली आबांना बघायला मिळाली, याचं मला फार समाधान आहे. ते पुढच्या वैशाखात गेले.

ते गेल्यावर महिनाभर माझ्याच्याने चिठ्ठी लिहवली नाही. बाप, सासरा, ओटी, असं काही लिहायला घेतलं की हात थांबायचा. तेव्हा लेकीने लिहायला सुरुवात केली, आणि आता तीच लिहिते. तिचं अक्षर माझ्यापेक्षा चांगलं, वाक्यं आखूड. चतुर्थीचा माल परवा एसटीच्या पार्सलने आला. त्यातल्या एका नव्या कादंबरीत तान्हं मूल दगावतं. मी म्हटलं, एवढं एक नको लिहूस, गरोदर मुली येतात दुकानात. ती म्हणाली, “आई, त्यांच्यासाठीच लिवूक होया.” मग विचार करून तिने पहिल्याच ओळीत लिहिलं, “यात बाळ जातं.” खाली दोन ओळी आईबद्दल. कपाटाची काच मी पुसून घेतली आणि ते पुस्तक दर्शनी बाजूला, मधल्या फळीवर ठेवलं.