१११६ वरची अस्मिता कुठून येत होती, ते सापडलं

काल रात्री पावणेदहाला रेडिओवर १११६ किलोहर्ट्झला श्रीनगर आकाशवाणी आलं! आधी रबाब, मग काश्मिरी बोली, मध्येच विरली, पुन्हा वर आली. जेमतेम तीन मिनिटं. नर्बलचा ३०० किलोवॅटचा ट्रान्समीटर, सोळाशेहून जास्त किलोमीटर, आणि आवाज ठाण्यात, वर्तकनगरला माझ्या टेबलावर. १९२७ च्या जुलैत मुंबई केंद्र सुरू झालं ते दीड किलोवॅटवर, हे आठवून अंगावर काटा आला.

दुखणं तुम्हाला ठाऊक आहेच. आकाशवाणी मुंबईची मराठी वाहिनी अस्मिता ५५८ वर, १०० किलोवॅट, मालाडहून, म्हणजे येऊरच्या डोंगरापलीकडून. ५५८ ची दुप्पट, म्हणजे तिचा हार्मोनिक, बरोब्बर १११६, म्हणून श्रीनगरच्या जागी रोज मराठी बातम्या. मालाड मला पश्चिमेला, श्रीनगर जवळपास उत्तरेला. माझ्या लूपला, म्हणजे तारेच्या फिरत्या वेटोळ्याच्या अँटेनाला, याहून सोयीची मांडणी मिळायची नाही. मालाडचा नल धरला, म्हणजे लूपची बहिरी बाजू तिकडे फिरवली, की ५५८ गडप. १११६ वरची अस्मिता मात्र तसूभरही हलत नव्हती.

जोरदार ५५८ ने रिसीव्हर ओव्हरलोड होऊन आतच दुप्पट तयार होतेय असं धरून ५५८ चा ट्रॅप, म्हणजे तेवढीच फ्रिक्वेन्सी अडवणारं सर्किट, करायला घेतला. लॅमिंग्टन रोडच्या तीन फेऱ्या झाल्या. त्यासाठी एअर गँग (हवेच्या फटीचा, फिरवायचा कपॅसिटर) मागितला की काउंटरवरची मुलं तोंडाकडे बघत राहतात, आणि प्लॅस्टिकचा मी वापरणार नाही, त्याचा क्यू, म्हणजे ट्यूनिंगचा नेमकेपणा, पुरत नाही. शेवटी एका मोडक्या व्हॉल्व्ह सेटमधला काढला. ट्रॅप सुरेख बसला, ५५८ चाळीस डीबी (डेसिबल) खाली. १११६ जैसे थे. त्या रात्री जेवण गेलं नाही.

ट्रॅप प्रीॲम्पनंतर, म्हणजे लूपचा सिग्नल वाढवणाऱ्या सर्किटनंतर होता, म्हणून संशय प्रीॲम्पवर. रेडिओवाल्यांच्या ग्रुपवरच्या काकांनी सांगितलेली परीक्षा भर दुपारी केली. त्या वेळी वर आकाशातला आयनांबराचा डी थर मीडियम वेव्ह शोषून घेतो, श्रीनगरचा प्रश्नच येत नाही. लूप आणि प्रीॲम्पच्या मधे १००-६८-१०० ओहमचा पाय ॲटेन्युएटर, म्हणजे सिग्नल कमी करणारे तीन रेझिस्टर, दहा डीबीचा. हार्मोनिक प्रीॲम्पमध्ये जन्मला असता तर वीस डीबीने उतरला असता, कारण दुसरा हार्मोनिक मूळ सिग्नलच्या दुप्पट डीबीने उतरतो. उतरला दहानेच. म्हणजे १११६ खरोखर हवेत होतं!

मालाडहूनच येत असतं तर त्याच दिशेला नल मिळाला असता. शिवाय १०० किलोवॅटचा कॅरियर (मूळ लहर) आवाजाच्या पूर्ण मॉड्युलेशनला क्षणभर ४०० किलोवॅटवर जातो. एवढी शक्ती मास्टपर्यंत नेणाऱ्या आउटपुट नेटवर्कला हार्मोनिक गाळावेच लागतात. उगम जवळ होता.

जुना फिलिप्स ट्रान्झिस्टर १११६ ला लावून जिने चढलो. दुसऱ्या मजल्यावर स्पष्ट, चौथ्यावर मोठं, गच्चीत टाकीच्या लोखंडी शिडीपाशी कान किटतील इतकं. केबल येण्याआधीच्या टीव्ही अँटेनाचा पाइप तिथे अजून उभा आहे आणि त्याची ताणाची तार शिडीला गंजून चिकटली होती. तार हलवली, अस्मिता खरखरली, तुटली, परत आली. गंजलेला सांधा डायोडसारखा, म्हणजे वीज एकाच बाजूने जाऊ देणाऱ्या भागासारखा, वागत होता: ५५८ घ्यायचा, १११६ परत हवेत सोडायचा. सेक्रेटरींना विचारून तार कापली. ट्रान्झिस्टर गप्प!

पुढचा बेत लूपला लिट्झ वायर (बारीक वेगवेगळ्या तारांची वळलेली दोरी) गुंडाळायचा होता. पण हे लिहिताना सुचलं, ५५८ अधिक १०४४ (मुंबईचंच दुसरं स्टेशन) म्हणजे १६०२! असा सांधा दोन फ्रिक्वेन्सींची बेरीजही हवेत सोडतो. तिथली खिचडी मी इतके दिवस लांबची स्टेशनं समजत होतो. १९७८ च्या नोव्हेंबरपासून आपल्याकडच्या फ्रिक्वेन्सी नऊच्या पटीत आहेत, त्यामुळे अशी बेरीज नेमकी कुणाच्या तरी घरात जाऊन बसते. लिट्झ राहू दे. टाकीमागे आणखी दोन पाइप आहेत आणि शेजारच्या विंगवर पत्र्याची शेड. पावसाच्या आत सगळे सांधे तपासायचेत. ट्रान्झिस्टरमध्ये नवे सेल घातलेत, वॉचमन मामांकडे गच्चीची किल्ली मागायला निघालोय.