तिमो सालमिनेन: दिव्यांचा माणूस

डिसेंबरात फिनलंडच्या राजधानीत, हेलसिंकीत, दिवस सहा तासांचाही नसतो. भर दुपारी सूर्य क्षितिजावर जेमतेम 6 अंश वर येतो, तोही ढग नसले तर. अशा गावात उन्हाच्या भरवशावर शूटिंग लावलं की वेळापत्रक कोसळलंच म्हणून समजा.

सिनेमाचे कॅमेरामन तिमो सालमिनेन यांचे दिवे इथे राहून पाहिले की जास्त कळतात. फिनिश दिग्दर्शक आकी कौरिस्मॅकींच्या 1983 च्या पहिल्या चित्रपटापासून 2023 च्या ‘फॉलन लीव्हज’पर्यंत कॅमेरा त्यांचाच. एका दिग्दर्शकाशी चाळीस वर्षं! मधे 1999 चा ‘युहा’ तर कृष्णधवल मूकपट.

त्यांच्या फ्रेममध्ये साधी खानावळ असते, पण उजेड जुन्या स्टुडिओतला: कडक, एका बाजूने येणारा, सावलीची कड स्पष्ट. नक्कल करणारे बहुतेक जण नंतर संगणकावर रंग गडद करतात आणि फसतात, कारण चेहरेही त्याबरोबर रंगतात. निळा हवा तर आधी भिंत निळी रंगवा. मग फ्रेनेल दिवा (पुढे भिंग असलेला, उजेडाचा झोत टाकणारा) उंचावर, तिरका लावा. समोर दुसरा तितकाच प्रखर दिवा लावलात तर नाकाच्या दोन सावल्या पडतात आणि सगळा खेळ उघडा पडतो. मागची भिंत वेगळ्या दिव्याने उजळा, आणि नट भिंतीपासून दोन पावलं तरी पुढे हवा.

सालमिनेन आणि कौरिस्मॅकी अजून 35 मिमी फिल्मवर काम करतात. सेकंदाला 24 फ्रेमच्या वेगाने 400 फुटी रीळ साडेचार मिनिटांच्या आत संपतं, 1000 फुटी अकरा मिनिटांत. कौरिस्मॅकी बरेचदा पहिलाच टेक ठेवतात. म्हणजे दिवे आधीच बरोबर हवेत, ‘नंतर बघू’ चालत नाही.

बर्फात शूट करणार असाल तर उजेड मोजणाऱ्या मीटरवर विसंबू नका. तो पांढरा बर्फ करडा धरून मोजतो आणि चित्र काळवंडतं; लेन्सचं छिद्र दीड ते दोन स्टॉप जास्त उघडा (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड). थंडीत बॅटऱ्या लवकर बसतात, जादाच्या बॅटऱ्या अंगावरच्या खिशात ठेवा. कॅमेरा उबदार खोलीत नेण्याआधी बाहेरच प्लास्टिकच्या पिशवीत हवाबंद करा, म्हणजे दव पिशवीवर जमेल, लेन्सवर नाही. आणि आत नेल्यावर लगेच उघडू नका. दोन तास तरी थांबा, मधे कॉफी प्या. इथे ती दिवसभर चालूच असते.