नोटिशीचा शेवटचा परिच्छेद

लहान पुरवठादारांसाठी निविदांची कागदपत्रे तयार करणे हे माझे काम आहे, आणि खात्याकडून 'कारणे दाखवा' नोटीस आली की तिचे उत्तरही बहुधा मीच लिहितो. नोटीस हातात आल्यावर मी आधी तिचा शेवटचा परिच्छेद वाचतो, कारण खाते नेमकी कोणती कारवाई करू पाहते ते तिथे लिहिलेले असायला हवे. काही वर्षांपूर्वी आलेल्या एका नोटिशीत, पुरवठ्याला उशीर झाल्याबद्दल 'नियमानुसार कारवाई का करू नये' एवढेच विचारले होते. आम्ही उशिराची कारणे दिली आणि दंडाचा हिशेब मांडला. पुढे जो आदेश आला त्यात करार रद्द झाला होता, सुरक्षा ठेव जप्त झाली होती आणि अखेरच्या ओळीत त्या पुरवठादाराचे नाव काळ्या यादीत टाकले होते. "अहो, पण हे त्यांनी विचारलंच कुठे होतं?" असे ते गृहस्थ मला म्हणाले, आणि त्यांचा प्रश्न कायद्याच्या दृष्टीनेही अगदी योग्य होता.

करार रद्द होण्याचे नुकसान त्या कराराबरोबर संपते. काळ्या यादीचे तसे नाही. पुढच्या बहुतेक निविदांत, कोणत्याही सरकारी संस्थेने आपल्याला काळ्या यादीत टाकलेले नाही, असे प्रतिज्ञापत्र मागतात. त्यामुळे एका खात्याच्या आदेशाने दुसऱ्या राज्यातली दारेही बंद होतात. ज्याचा सगळा व्यवसाय सरकारी पुरवठ्यावर चालतो, त्याचे दुकानच बंद पडते. म्हणूनच 1974 मध्ये, पश्चिम बंगालमधील एरुशियन इक्विपमेंटच्या प्रकरणात, काळ्या यादीत टाकण्याआधी त्या व्यक्तीला आपले म्हणणे मांडण्याची संधी दिलीच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. 2014 च्या गोरखा सिक्युरिटी निकालात न्यायालय आणखी पुढे गेले: प्रस्तावित कारवाई काळ्या यादीची आहे हे नोटिशीत स्पष्ट लिहिलेले असावे, निदान तिच्या मजकुरातून ते निःसंशय कळावे.

हा तांत्रिक मुद्दा आहे असे अनेक अधिकारी मानतात. मला ते पटत नाही. दंडाच्या नोटिशीला उत्तर देताना पुरवठादार दिवस मोजतो आणि पुष्कळदा वाद टाळण्यासाठी दंड मान्यही करतो; काळ्या यादीचा प्रश्न समोर असेल तर तो आपला आधीचा चोख पुरवठा, चुकीमागचा हेतू, झालेली भरपाई आणि शिक्षेचे प्रमाण यांविषयी बोलेल. प्रश्नच वेगळा असल्यामुळे पहिले उत्तर दुसऱ्याच्या जागी चालत नाही.

भारतीय अन्न महामंडळाच्या भोपाळ कार्यालयासाठी पहारेकऱ्यांच्या भरतीची परीक्षा 1 एप्रिल 2018 रोजी झाली, पेपरफुटीचे प्रकरण उघड झाले, आणि परीक्षा घेणाऱ्या यूएमसी टेक्नॉलॉजीज या कंपनीला पुढे 5 वर्षांसाठी काळ्या यादीत टाकले गेले. आरोप गंभीर होता, यात शंका नाही. तरीही नोव्हेंबर 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने काळ्या यादीचा आदेश रद्द केला, कारण नोटिशीत त्या कारवाईचा उल्लेख नव्हता. निविदेच्या अटींत कुठेतरी काळ्या यादीचे कलम आहे, एवढ्याने ती उणीव भरून निघत नाही. त्याच महिन्यात व्हेटइंडिया फार्मास्युटिकल्सचाही निकाल आला. उत्तर प्रदेशात जनावरांच्या औषधांच्या पुरवठ्यावरून 2009 मध्ये निघालेला तो आदेश अनिश्चित काळासाठी होता. कंपनी कोर्टात उशिरा आली म्हणून उच्च न्यायालयाने तिची याचिका फेटाळली होती, पण मुदतच नसलेल्या शिक्षेचा चटका रोज नव्याने बसत असतो, त्यामुळे केवळ उशिराचे कारण पुढे करणे मला तेव्हाही अन्यायाचे वाटले होते. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला.

मुदतीबद्दल केंद्राच्या 2017 च्या सामान्य वित्तीय नियमांतील नियम 151 पुरेसा स्पष्ट आहे: भ्रष्टाचारासारख्या गुन्ह्यात दोषी ठरल्यास जास्तीत जास्त 3 वर्षे, सचोटीच्या संहितेचा भंग केल्यास 2 वर्षे, आणि दोन्ही बाबतीत म्हणणे मांडण्याची वाजवी संधी.

निकृष्ट औषध किंवा कच्चा पूल देणाऱ्याला सरकारने पुन्हा काम देऊ नये, हे मला मनापासून मान्य आहे. भुवनेश्वरमध्ये 2017 साली उभारणी चालू असताना उड्डाणपूल कोसळून एकाचा जीव गेला. तेथील कंत्राटदाराविरुद्धची कारवाई उच्च न्यायालयाने रद्द केली होती, ती सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये पुन्हा कायम केली. मात्र कायमची बंदी 5 वर्षांवर आणली. अशा प्रकरणातही जर मुदत ठरते, तर उशिरा पोहोचलेल्या मालासाठी आजन्म बंदी कशी टिकेल?

आता मी प्रत्येक उत्तराच्या शेवटी एक परिच्छेद न चुकता घालतो: काळ्या यादीची कारवाई विचाराधीन असल्यास तिची कारणे व प्रस्तावित मुदत नमूद करून स्वतंत्र नोटीस द्यावी आणि प्रत्यक्ष सुनावणी ठेवावी. पत्राच्या प्रतीवर आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का घेतल्याशिवाय मी खिडकीपासून हलत नाही.