पोट फाडून घेणाऱ्यांचं एवढं काय कौतुक?

जुने जपानी मूकपट बघते म्हटलं की हा प्रश्न हमखास येतो. सामुराई म्हणजे धन्याच्या शब्दाखातर पोटात कट्यार खुपसणारा, त्यात तुम्हाला काय दिसतं?

खरं सांगायचं तर त्या सामुराईत मलाही फारसं काही दिसत नाही. सत्तेचाळीस रोनिनांच्या, म्हणजे धनी गमावलेल्या सामुराईंच्या, सूडाची गोष्ट जपानी पडद्यावर पुन्हा पुन्हा आली. मला ती जड जाते. माझा जीव अडकलाय १९२५ च्या 'ओरोची'त. दिग्दर्शक फुतागावा बुन्तारो, नायक बांदो त्सुमासाबुरो. नावाचा अर्थ महासर्प. आधीचं नाव 'गुंड' अशा अर्थाचं होतं, ते सेन्सॉरला खपलं नाही.

हेइझाबुरो हा हलक्या हुद्द्याचा सामुराई. वरच्या घराण्यातल्या पोराशी बाचाबाची होते आणि शिक्षा होते ती यालाच. गुरूच्या मुलीबद्दल कुणी वाईटसाईट बोललं म्हणून हा भांडतो, तर गुरूच त्याला घालवून देतो. पुढे जिथे जाईल तिथे तेच. कर्तव्य करायला जातो आणि गुन्हेगार ठरतो. अब्रू शाबूत आहे हे फक्त आपल्याला, अंधारात बसलेल्यांना ठाऊक. पडद्याशेजारी बसून गोष्ट सांगणारा बेन्शी (आपल्या कीर्तनकाराचा लांबचा भाऊच म्हणा) आपल्या कानात सांगतो, पण गावाला कोण सांगणार?

आणि मग ती शेवटची लढाई! बांदोच्या आधीचा मोठा नट ओनोए मात्सुनोसुके. त्याच्या तलवारीत काबुकीचा, म्हणजे जुन्या जपानी रंगभूमीचा, डौल. बांदो मात्र धावतो, धापा टाकतो. केस सुटलेले, चारी बाजूंनी शिपाई, अंगावर दोर पडताहेत. डौल केव्हाच संपलाय. सामुराईंचा तलवार बाळगण्याचा हक्क १८७६ मध्येच गेला होता, तेव्हा पन्नास वर्षांनी थिएटरात बसलेल्यांना सामुराई हवा होता तो बहुधा असाच, वरिष्ठांनी वाऱ्यावर सोडलेला. त्याच १९२५ साली सरकारने डाव्या चळवळी चिरडणारा कायदा आणला होता.

शेवटी त्याला बांधून नेतात. बघ्यांच्या लेखी तो नीचच. ज्या बाईसाठी त्याने तलवार उपसली ती, म्हणजे गुरूचीच मुलगी, आणि तिचा आजारी नवरा मात्र हात जोडून उभे असतात. त्या गर्दीत तेवढे दोघंच.