सासवडचा दुसरा दिवस

मी पूर्ण वारी केलेली नाही. पुण्यातून निघून फलटणपर्यंतच चालले, माउलींच्या पालखीबरोबर, रथामागच्या एका दिंडीत. लोक विचारतात दिवेघाट कसा वाटला, रिंगण बघितलंस का, आणि मी सांगते पण, घाट फार सुंदर आहे आणि तरडगावच्या अलीकडे चांदोबाच्या लिंबाला रिंगणात घोडा धावून गेल्यावर मीपण सगळ्यांसारखी त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावली. पण वारी म्हटलं की मला आधी आठवतो तो सासवडचा दुसरा दिवस, ज्या दिवशी आम्ही एक पाऊलसुद्धा पुढे गेलो नाही.

मी सीएच्या ऑफिसमध्ये अकाऊंट्स बघते. मार्चएंडला तिथेच खुर्चीवरून उठताना चक्कर येऊन पडले होते. डॉक्टरांनी सगळे रिपोर्ट बघितले आणि म्हणाले बाकी काही नाही, तुम्ही झोपत नाही आहात. मी दोन दिवस घरी राहिले आणि त्या दोन दिवसांत माळा साफ केला, मुलीची कपाटं लावली, लोणच्याच्या कैऱ्या आणल्या. मला खरंच वाटत होतं की मी आराम करतेय. मग जूनमध्ये शेजारच्या काकू म्हणाल्या आमच्या दिंडीत चल, आणि रिटर्न्सचा सीझन तोंडावर असताना मी आठ दिवसांची सुट्टी कशी मागितली ते माझं मलाच माहीत.

पुणे ते सासवड हा वाटेतला सगळ्यात लांबचा टप्पा, तीसेक किलोमीटर, त्यात दिवेघाट, आणि त्या दिवशी एकादशी, म्हणजे पोटात साबुदाण्याची खिचडी, केळं आणि राजगिऱ्याचा लाडू एवढंच. पहाटे अंधारात निघालो. मला वाटत होतं आता एकदम चालत सुटायचं, पोचायचं, मग पडायचं. पण तसं नसतंच. शिंदे छत्रीपाशी थांबतात, हडपसरला विसावा, उरुळीला थांबा, घाटाच्या पायथ्याशी वडकी नाल्याला विसावा, घाट चढून वर आलं की झेंडेवाडीला परत विसावा. पालखी खाली ठेवतात, लोक दर्शन घेतात, दिंड्या जागच्या जागी टेकतात. सुरुवातीला मी अस्वस्थ होत होते, अजून दमलोच नाही तर बसायचं कशाला. माझ्या पुढे चालणाऱ्या मावशी, परभणीकडच्या, सत्तरीच्या असतील, प्रत्येक विसाव्याला पदर डोक्याखाली घेऊन चक्क आडव्या व्हायच्या आणि पाच मिनिटांत घोरायला लागायच्या, रस्त्याच्या कडेला, कानाशी स्पीकर चालू असताना. मला म्हणाल्या, दमल्यावर बसलं तं मंग उठवत नाही माय, दमायच्या आधी बसाव.

घाटात रथाला जादा बैलजोड्या लावलेल्या असतात. त्या बैलांना मधे थांबवून पाणी मारतात, मान चोळतात, आणि हे सगळ्यांना किती बरोबर वाटतं, कोणी म्हणत नाही की अजून थोडं ओढलं असतं तर लवकर पोचलो असतो. मी बराच वेळ त्या बैलांकडे बघत चालत होते.

सासवडला पालखीचे दोन मुक्काम असतात. तिथे सोपानकाकांची समाधी आहे, म्हणजे ज्ञानोबांच्या धाकट्या भावाची, आणि त्यांची पालखीसुद्धा तिथूनच पंढरीला निघते. थोरला भाऊ धाकट्याच्या गावी येतो आणि दोन रात्री राहतो, घाईने भेटून निघत नाही. हे मला कोणी समजावून सांगितलं नव्हतं, सकाळी उठल्यावर कळलं की आज निघायचं नाहीये.

तंबूत सगळे उशिरा उठले. द्वादशी होती, गरम वरणभात, भाकरी, पिठलं करून उपास सोडला. त्यानंतर मी काय करायचं हेच मला कळेना. कपडे धुतले. मग काकूंचे धुतले. मग पॉवरबँक घेऊन चार्जिंग कुठे मिळतं ते शोधत फिरले, फोन चालू केला, ऑफिसच्या ग्रुपवर एकशे चाळीस मेसेज, त्यातल्या दोघांना उत्तरं लिहिली जी त्यांना लागत पण नव्हती. परत आले तर स्वयंपाकाच्या बायका भाज्या निवडत होत्या, तिथे जाऊन बसले तर आचारी म्हणाला माउली तुमचं नाव आज कामात नाही, जा पडा जरा. मला अक्षरशः रडू यायला लागलं, का ते सांगता येणार नाही, पायाला फोड होते त्यामुळे नव्हतं एवढं नक्की.

मावशी तंबूच्या दाराशी पाय पसरून बसल्या होत्या. तेल लावत होत्या पायाला. मी त्यांना विचारलं, मावशी तुम्हाला शेताची काळजी नाही वाटत का, पाऊस तर आत्ताच सुरू झालाय. त्या म्हणाल्या, पेरून आले की मी. आता उगवायचं काम मातीचं हाय. म्या धुऱ्यावर बसून ऱ्हायले तं लौकर उगवतंय का?

एवढंच बोलल्या आणि दुसऱ्या पायाला तेल लावायला लागल्या. आणि मग मलाही बस म्हणाल्या, बसले, तर माझेच पाय ओढून घेतले मांडीवर. मी नको नको म्हणत होते, एवढ्या मोठ्या बाईने माझ्या पायाला हात लावायचा, पण वारीत ते कोण ऐकतं. तंबूवर पाऊस पडत होता, बारीक. पलीकडच्या राहुटीत कोणीतरी पखवाज जुळवत होतं, तेवढाच एक बोल परत परत. मी झोपले. दुपारी बाराला झोपले ते हरिपाठाच्या टाळांनी जागी झाले, लग्न झाल्यापासून दिवसाढवळ्या एवढी झोपल्याचं मला आठवत नाही, बाळंतपण सोडलं तर. आणि हरिपाठ सुरू झाला तर पहिल्याच ओळीत देवाच्या दारात क्षणभर उभं राहायला सांगितलंय. लहानपणापासून पाठ आहे मला तो. उभं राहा म्हटलंय, क्षणभरच, आणि तेवढ्यावर चारही मुक्ती. मी आजवर ते तोंडाने म्हणत हाताने कणीक मळत आलेय.

दुसऱ्या दिवशी जेजुरी, पालखीवर भंडारा उधळतात, सगळा रस्ता पिवळा. संध्याकाळी तळावर मी पहिल्यांदा जवळून समाजआरती बघितली. सगळ्या दिंड्या पालखीभोवती गोलात उभ्या राहतात, हजारो टाळ एकदम वाजत असतात, छातीत हादरे बसतात इतका आवाज. आणि मग चोपदार हातातला चोप, म्हणजे दंड, वर करतात, लांबलचक हाळी देतात, आणि सगळं थांबतं. एकदम. लांब कुठेतरी टँकरचं इंजिन चालू होतं ते ऐकू आलं, एक बाळ रडत होतं ते ऐकू आलं. पण मला खरी गोष्ट काकूंनी नंतर सांगितली. त्या शांततेत ज्या दिंडीची काही तक्रार असेल ती टाळ थांबवत नाही, वाजवत राहते, आणि मग चोपदार त्यांच्यापाशी जाऊन विचारतात काय झालं म्हणून. त्यानंतर हरवल्या-सापडल्या वस्तूंची यादी, उद्या किती वाजता निघायचं ते, आणि मग आरती.

मी त्या रात्री बराच वेळ जागी होते, यावेळी कामामुळे नाही. बाकीचे सगळे गप्प झाले म्हणून तो एक टाळ ऐकू येतो ना. एरवी तो पण वाजतच असतो की, गर्दीत. मार्चमध्ये मी पडले त्याच्या आधी सहा महिने माझी मान दुखत होती, रात्री दचकून जाग यायची, लेकीवर उगाच ओरडायचे आणि मग बाथरूममध्ये जाऊन रडायचे, हे सगळं वाजत होतं की. मी चोप वरच केला नाही कधी. कोण कुठे वाजवतंय ते कळणार कसं.

पुढचे दिवस पटपट गेले, वाल्हे, नीरेचं स्नान, लोणंद, तरडगाव. प्रत्येक विसाव्याला मी बसले. कधी झोपले, कधी नुसती बसले, दोनदा फुगडी खेळले, आणि तेही विसाव्यातच येतं असं माझं मत झालंय. फोन दिवसातून एकदा, रात्री, घरी बोलायला. ऑफिसमध्ये माझ्याशिवाय काही अडलं नाही, आणि मला त्याचं वाईट वाटलं नाही, हलकं वाटलं.

फलटणला मी परत फिरणार होते. पाया पडायला वाकले तर मावशी माझ्याआधी वाकल्या. मी म्हटलं मावशी नंबर द्या तुमचा, फोन करेन. त्यांच्याकडे फोन नव्हताच, लेकाकडे असतो म्हणाल्या, गावाकडे. मग तुम्ही परत भेटणार कशा मला, एवढ्या लाखोंच्या गर्दीत?

त्यांनी पडशी खांद्याला लावली, दिंडी हलली होती. म्हणाल्या, सासवडला ये की माय. दोन दिस असतो ना आपून तिथं.