तुम्ही विचारलंत म्हणून: माटोळीला रानातलं काय बांधायचं?

श्रावण सरत आला की हा प्रश्न ठरलेला. "माटोळीला नेमकी कोणती रानफुलं, रानफळं लागतात? एक यादी द्या." विचारणारे बहुतेक पणजी-पर्वरीच्या, मडगावच्या फ्लॅटमध्ये राहणारे असतात. गावच्या घरात आजी-आजोबा होते तोवर माटोळीचं सामान आपोआप यायचं, आता ते बाजारातून आणावं लागतं.

गोव्याबाहेरच्या वाचकांसाठी थोडक्यात सांगायचं तर चवथीला गणपतीच्या मूर्तीच्या वर आम्ही लाकडी चौकट टांगतो. तिला नारळाची पेंड (घोस), सुपारीचे घड, केळी, आंब्याचे टाळे, भाज्या, रानातली फुलं आणि फळं बांधतो. हीच माटोळी.

सगळ्या गोव्याला चालेल अशी एकच यादी नाही. पेडण्याच्या सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, भाद्रपदात जे फुलतं ते काणकोणच्या डोंगरात मिळेलच असं नाही. त्या पंधरवड्यात आपल्या डोंगरावर, बांधावर, कुळागरात (सुपारी-नारळाच्या बागेत) जे फुललं-फळलं असेल ते बांधावं. पण ज्याचं नाव, उपयोग आणि दोष घरातल्या निदान एकाला तरी सांगता येतो, तेवढंच. माटोळीच्या स्पर्धांमुळे सजावटीला हुरूप आला हे खरं, पण शेकड्यांनी वस्तू टांगायची हौसही आली. ओळखीची वीस झाडं असलेली माटोळी मला अनोळखी दोनशेंच्या माटोळीपेक्षा मोलाची वाटते.

सुरुवात कळलावीपासून करते, कारण सगळ्यात जास्त चुका तिच्याच बाबतीत होतात. वाघनखी म्हणतात ती हीच. सहा पाकळ्या, कडा लाटांसारख्या, सगळ्या मागे उलटलेल्या. फूल आधी हिरवट-पिवळं उमलतं आणि दिवसागणिक लाल होत जातं, म्हणून एकाच वेलीवर तीन रंग दिसतात. पानाचं टोक गुंडाळून ती कुंपणावर चढते. अडलेल्या बाळंतिणीच्या तळपायाला किंवा बेंबीभोवती तिच्या कंदाचा लेप लावायची जुनी रीत होती. आज ती कुणीही करू नये. झाडाच्या सगळ्या भागांत, कंदात सर्वांत जास्त, कोल्चिसिन नावाचं विष असतं. कंद पोटात गेला तर काही तासांनी उलट्या-जुलाब सुरू होतात आणि माणूस दगावू शकतो. रताळ्यासारखा किंवा कणगी या खाण्याच्या कंदासारखा दिसतो म्हणून चुकून शिजवला गेल्याच्या घटना घडलेल्या आहेत. माटोळीसाठी वरचा वीतभर शेंडाच कापा. वेल ओढू नका, कारण ओढली की कंद हलतो आणि पुढच्या जूनला तिथून काही उगवत नाही. एक उमललेलं फूल आणि दोन कळ्या असा शेंडा घेतला तर कळ्या माटोळीतही उमलतात. हात धुवा, आणि शेंडा मुलांच्या हाताला लागणार नाही इतक्या उंच बांधा.

तेरडा याच्या अगदी उलट, बिनधोक पण नाजूक. देठात नुसतं पाणी, त्यामुळे तोडल्यावर तासा-दोन तासांत मान टाकतो. कोकणात गौरीसाठी तो मुळासकट आणतात, त्यामागे हे व्यवहारज्ञानही आहे. माटोळीसाठीही मुळासकट उपटा, माती न झाडता बादलीत ठेवा आणि चवथीच्या पहाटे सगळ्यांत शेवटी बांधा. आदल्या रात्री बांधलात तर सकाळी तो लोंबलेला दिसेल. फुलं आणि पानं ठेचून रात्रभर नखांवर बांधली की नखं तांबूस होतात. मेंदीत रंग देणारं जे द्रव्य आहे तेच तेरड्यातही सापडतं. मात्र तेरडा एका पावसाचा धनी. बी पडलं नाही तर पुढच्या वर्षी ती जागा मोकळी. म्हणून एका ठिकाणच्या चार झाडांतलं एकच घ्या आणि शेंगा धरलेलं झाड सोडा.

शेरवड म्हणजे मराठीत इतरत्र भूतकेस म्हणतात ते झुडूप. त्याचं पांढरं 'पान' हे फुलाखालचं वाढलेलं निदल, म्हणजे कळीला झाकणारं बाहेरचं दल असतं, खरं फूल मधलं इवलंसं केशरी. पांढरा भाग हाताळला की तपकिरी डाग पडतात, तेव्हा फांदी देठाला धरूनच उचला.

मग फळं. कवंडळ, हिरव्यावर पांढरे पट्टे असलेलं, पिकल्यावर लालभडक आणि चवीला कडूजहर. ते खाण्याचं फळ नव्हे. कांगलांचे घोस म्हणजे मालकांगोणी. चवथीला ते बहुधा हिरवट-पिवळे असतात. फळ तडकलं की आत शेंदरी आवरणातल्या बिया दिसतात, सांध्यांना चोळायचं तेल त्याच बियांचं. घागऱ्यो म्हणजे खुळखुळ्या शेंगा. वाळलेल्या वाजतात म्हणून मुलं मागतात, पण बिया विषारी, तोंडात जाऊ देऊ नका. नागुलकुड्याची जोडफळं बाकदार आणि नारिंगी, दिसायला फार देखणी. हे झाडही विषारी आहे आणि त्याचा चीक चिकट. फळ तोडल्यावर देठ खाली करून तासभर ठेवा, चीक निथळून सुकू द्या. नाहीतर तो मूर्तीवर टपकतो आणि रंगावर डाग पडतो, मग पुसायला जावं तर रंगच निघतो.

नागुलकुडा आणि औषधी कुडा यांची गल्लत होते. औषधी कुड्याच्या शेंगा लांब, काठीसारख्या बारीक आणि जोडीने लोंबणाऱ्या. त्याच्या कडू सालीचा काढा आमांशावर देत. कुड्याची पांढरी फुलं उकळून, पिळून कडू पाणी टाकून भाजीला वापरतात, पण हे फक्त ओळख पक्की असलेल्यांनी करावं.

केवण मात्र जरूर शोधा. तिचं फूल लाल उमलतं आणि जुनं होताना राखाडी-निळसर पडतं. पीळ दिलेली शेंग, मुरुडशेंग, लहान मुलांच्या पोटातल्या मुरड्यावर उगाळून देत आले आहेत. माटोळीला तिचा खरा उपयोग सालीचा. फांदी कापून साल सोलायची, पाण्यात भिजवायची आणि ओलीच बांधायची, म्हणजे सुकताना गाठ आवळते. प्लॅस्टिकची सुतळी ओल्या देठावर घसरते आणि दुसऱ्या दिवशी घड खाली येतो.

वजनाचा अंदाज घ्या. सोडणासकट एक नारळ किलोच्या वर भरतो, दहा नारळांची पेंड धरली की बारा-पंधरा किलो झाले. त्यात केळी, सुपारी, तोरिंजन, भोपळा. जुन्या घरात तुळईला कड्या असतात. फ्लॅटमध्ये फॉल्स सीलिंगला कधीच टांगू नका, स्लॅबमध्ये चार हूक पक्के बसवून घ्या आणि आदल्या दिवशी पाण्याने भरलेल्या बादल्या टांगून पाहा. जड वस्तू चौकटीच्या चार कोपऱ्यांवर आणि कडेला वाटून बांधा. मूर्तीच्या बरोबर वर फक्त आंब्याचे टाळे, कोरड्या शेंगा आणि चीक नसलेली फुलं ठेवा. समईची ज्योत थेट फुलांखाली आली तर संध्याकाळपर्यंत ती करपतात. रानातून आणलेलं सामान प्लॅस्टिकच्या पिशवीत कोंडू नका, घाम सुटून ते काळं पडतं. केळीच्या पानात गुंडाळून गार जागी ठेवा.

पारिजातक माटोळीला बांधता येत नाही, फुलं पहाटे गळून पडतात. ती खाली तबकात ठेवा. 1563 साली गोव्यात छापलेल्या आपल्या ग्रंथात पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ओर्ता यांनी या झाडाची इथे ऐकलेली कथा नोंदवली आहे. एका मोठ्या सरदाराची मुलगी सूर्याच्या प्रेमात पडली, सूर्याने तिला टाकलं, तिने जीव दिला आणि तिच्या राखेतून हे झाड उगवलं, म्हणून फुलं सूर्याचं तोंड पाहत नाहीत. फुलांच्या केशरी देठांनी अन्नाला रंग देत, हेही त्यांनी लिहिलं. ओर्ता मूळचे ज्यू घराण्यातले. त्यांच्या मृत्यूनंतर, 1580 मध्ये, इन्क्विझिशनने (पाखंडाला शिक्षा देणाऱ्या चर्चच्या न्यायालयाने) त्यांची हाडं उकरून जाळली. त्याच इन्क्विझिशनच्या 1736च्या फर्मानात अंगणात तुळस लावायलाही बंदी होती. मूर्ती ठेवणं धोक्याचं असलेल्या त्या काळाशी जोडलेली रीत काही घराण्यांत आजही दिसते. तिथे मूर्ती नसते, पत्रीचा किंवा कागदावरचा गणपती पूजतात. पानाफुलांना आमच्याकडे शोभेपेक्षा जास्त मान का, हे यातून समजतं. आणि ही ओळख एका धर्मापुरती नाही. 24 जूनला सांजावच्या, म्हणजे संत जॉनच्या सणाच्या, दिवशी ख्रिस्ती शेजारी डोक्यावर कोपेल घालतात, तो रानवेली, पानं आणि फुलांचाच.

काही गोष्टी मात्र तोडूच नका. सड्यावरची सीतेची आसवं, जांभळी-निळी, बोटभर उंचीची. सीतेचे अश्रू पडले तिथे ती उगवली असं सांगतात. सड्याच्या मातीत कस नसतो, म्हणून हे झाड ओल्या मातीत दडलेल्या इवल्या पिशव्यांनी जीव पकडून त्यांवर जगतं. तोडलेलं फूल घरी पोचेपर्यंत कोमेजतं, आणि तुडवलेला सडा लवकर सावरत नाही. झाडावरची आमरीही (ऑर्किड) नको, फांदी वाऱ्याने मोडून खाली पडली असेल तरच. देवराईतलं काही आणायचं नाही, हा गावाचा नियम. म्हादई, नेत्रावळी, खोतीगाव या अभयारण्यांतून तोडणं हा कायद्याने गुन्हा आहे.

बाजारातून घ्यायचं असेल तर म्हापसा, फोंडा, डिचोलीच्या माटोळी बाजारात सकाळी लवकर जा आणि विकणाऱ्या बाईला "मावशी, हें खंयचें? कित्याक लागता?" (हे कुठलं? कशाला लागतं?) असं विचारा. डोंगरातून स्वतः आणणाऱ्या बायका गावही सांगतात आणि औषधही. झेंडू घ्यायला हरकत नाही, पण तो मेक्सिकोकडचा. त्याने चौकट भरली म्हणजे रान आलं असं समजू नका. घाणेरीही बाहेरचीच.

विसर्जनानंतर माटोळी उतरवताना तीन ढीग करा. नारळ, केळी, भोपळा प्रसादाला आणि शेजारी वाटायला. कवंडळ, नागुलकुडा, कळलावी वेगळ्या खड्ड्यात पुरून टाका, गुरांच्या वाटेला नको. उरलेली पानं खताला. तेरड्यावर एखादी शेंग पिकली असेल तर तिचं बी आणि घागऱ्यांच्या बिया कागदात कोरड्या ठेवा आणि मे अखेरीस, पहिल्या पावसाआधी, जिथून आणल्या त्याच बांधावर टाका. खोल पुरू नका, वर नुसती मूठभर माती पुरे.